चौथं कलम

अकोटला आमच्या वस्तीच्या मागेच कापसाचा जिन, म्हणजे सरकी काढायचा कारखाना, होता. हंगामात त्याचा भोंगा सकाळी दोनदा वाजायचा. पहिल्या भोंग्याला माय तवा चुलीवरून उतरवायची आणि दुसऱ्या भोंग्याला ती फाटकाच्या आत असायची. या दोन भोंग्यांच्या मधल्या वेळात तिचं सगळं घर मावायचं. माझी वेणी, धाकटीचं तोंड धुणं, बाबांची भाकर फडक्यात बांधणं, त्यावर जवसाच्या चटणीचा गोळा आणि एक कांदा. वेणी घालताना तिची बोटं फार जोरात चालायची. दिवसभर रेच्याच्या यंत्रात कापूस सारायची सवय असलेली ती बोटं माझ्या केसांनाही कापसासारखंच धरायची. संध्याकाळी ती परतायची तेव्हा भुवयांवर, पापण्यांवर, लुगड्याच्या काठावर रुई बसलेली असे. लहानपणी मला वाटे की माय रोज सकाळी तरणी जाते आणि संध्याकाळी म्हातारी होऊन येते. मग ती तोंड धुवायची, खोकायची आणि पुन्हा तरणी व्हायची. खोकला मात्र तोंड धुऊन जात नसे. तो हंगाम संपल्यावरही महिनाभर घरात राहायचा.

बाबा त्याच जिनाच्या प्रेसमध्ये रुईच्या गाठी उचलायचे. कमी बोलणारा, खांद्यानं रुंद माणूस. जेवताना ताटात काय आहे हे न बघता जेवायचे. आम्ही धर्म बदलला त्याला फार वर्षं झाली नव्हती. कोनाड्यातले देव गेले होते आणि तिथे बुद्धाची एक तसबीर आली होती. तिच्यासमोर माय उदबत्ती लावायची, पण काय म्हणायचं ते तिला अजून पाठ झालं नव्हतं, म्हणून ती नुसती हात जोडून उभी राहायची.

आमच्या भिंतीला भिंत लागून कौतिका मावशीचं घर होतं. ती नात्यानं कोणी नव्हती. नवऱ्यानं टाकलेली, मूलबाळ नाही, मायच्या शेजारच्याच रेच्यावर कामाला. उंच, हाडापेरानं मोठी आणि आवाज असा की जिन चालू असतानाही ऐकू यावा. मला शाळेत तिनं घातलं. मायचा विचार मला धाकटीपाशी घरी ठेवायचा होता, पण कौतिका मावशी एका सकाळी माझा हात धरून मला शाळेत घेऊन गेली आणि गुरुजींना म्हणाली, "नाव वच्छला. लिवा." धाकटीला त्यानंतर शेजारच्या म्हातारीपाशी सोडू लागलो. मी वाचायला शिकले तेव्हा मावशीनं नवी सवय लावून घेतली. किराणा दुकानातून पुड्यांना गुंडाळून आलेले जुन्या पेपरचे तुकडे ती जपून ठेवायची आणि संध्याकाळी मला वाचायला लावायची. ती तुरीच्या ओल्या शेंगा उकडून पुढ्यात ठेवायची. मी एक ओळ वाचायची, एक शेंग खायची. बातमी अर्धी फाटलेली असे. पुढं काय झालं असेल ते मावशी स्वतःच्या मनानं सांगायची आणि ते बहुतेक वेळा बातमीपेक्षा चांगलं असायचं.

मी चौदा वर्षांची असताना, सातवीत, जिनात एक बदल झाला. रेच्यावर कापूस घालायचं काम तोपर्यंत बायांचंच होतं. लांब शेडमध्ये रेच्यांची रांग, प्रत्येक रेच्यापुढे एक बाई, ती दोन्ही हातांनी कापूस आत सारणार, एकीकडून रुई उडणार, खालून सरकी गळणार. त्या साली कापूस फार आला आणि बाया कमी पडल्या. म्हणून प्रेसमधली काही माणसं रेच्यावर आणून उभी केली. त्यांत बाबा होते. दुपारी मी भाकर घेऊन गेले तर माय आणि बाबा एकाच रांगेत उभे. मला हसू आलं. घरात एकमेकांशी दिवसाला दहा शब्द न बोलणारी ही दोघं आता दिवसभर खांद्याला खांदा लावून कापूस सारत होती. बाबांचे हात मोठे आणि अडाणी होते. त्यांच्या रेच्यात कापूस अडकायचा आणि माय न बघता आपला हात लांबवून तो मोकळा करून द्यायची.

आठवडा संपला आणि रोजी हातात आली तेव्हा बाबांना मायच्या दीडपट मिळाली. त्या संध्याकाळचं बोलणं मला शब्दाशब्दानं आठवतं. माय भाकरी थापत होती. मागं न वळता तिनं विचारलं,

"आपुन एकाच रांगेत उभे राह्यतो ना?"

"हो," बाबा म्हणाले.

"कापूस कोनाच्या रेच्यातून जास्त जाते? माह्या का तुमच्या?"

बाबा हसले. "तुह्या. तुहा हात चालते."

"मंग?"

"मंग काय? बाईची रोजी बाईची. पयलेपासून असंच हाय."

"पयलेपासून तुमी रेच्यावर कुठं होते?"

मायनं भाकर तव्यावर टाकली. ती भाकर त्या दिवशी करपली आणि बाबांनी ती तशीच खाल्ली.

दुसऱ्या दिवशी दुपारच्या सुट्टीत मायनं हेच कौतिका मावशीला सांगितलं असणार, कारण मी पोचले तेव्हा फाटकाबाहेरच्या लिंबाखाली बायांचा घोळका होता आणि मावशी मधोमध उभी होती. "कापसाले समजते का वं, हात बाईचा हाय का बुवाचा?" ती विचारत होती. बाया हसत होत्या. सगळ्यांत मोठ्यानं हसत होती नूरबी. माझ्याहून चारच वर्षांनी मोठी, नवीन लग्न झालेली, हिरव्या बांगड्या कोपरापर्यंत. मावशी मुनीमजीकडे गेली. मुनीमजी सभ्य माणूस होता, बायांना कधी अरे-तुरे करत नसे. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, "कौतिकाबाई, तुमचं खरं आहे. पण शेटजींना हे कोण सांगणार?"

"आमी सांगतो," मावशी म्हणाली.

दुसऱ्या सकाळी पहिला भोंगा झाला, दुसरा झाला आणि साठेक बाया फाटकाबाहेर लिंबाखाली बसून राहिल्या. कोणी घोषणा दिल्या नाहीत. त्या कशा द्यायच्या हेही कोणाला ठाऊक नव्हतं. माणसं आत गेली. बाबाही गेले, खाली मान घालून, मायच्या समोरून. मायनं त्यांची भाकर मात्र बांधून दिली होती.

जिनात पाण्याचे दोन माठ होते. एक सगळ्यांचा आणि एक आमच्या वस्तीतल्या बायांचा. धर्म बदलला तरी माठ बदलला नव्हता. लिंबाखाली बसलो तेव्हा कोणाकडून तरी मागून आणलेला एकच माठ होता. पहिल्या दिवशी दुपारपर्यंत त्याला कोणी हात लावला नाही. ऊन चढलं. मग एक कुणबी समाजातली म्हातारी उठली, तिनं गडवा बुडवला, स्वतः प्याली आणि तोच गडवा मायच्या हातात दिला. मायनं पाणी प्यायला इतका वेळ लावला की मागून नूरबी ओरडली, "खाला, कुआँ पी रही क्या?" तेव्हा सगळ्या हसल्या. त्या दुपारी प्रत्येकीनं आपली भाकर मध्ये ठेवली. अंबाडीची भाजी, ठेचा, कुणाच्या घरचं वांग्याचं भरीत. मी शाळेतून आले ती त्या ढिगापाशीच बसले. पहिले चार दिवस ती एक सहलच होती.

नंतर भाकरी कमी होत गेल्या. आणि भोंगा वाजत राहिला. रेचे बहुतेक बंद, थोड्या माणसांवर एखाददुसरा चालतोय, कापसाच्या गाड्या कंटाळून दुसऱ्या जिनाकडे वळलेल्या, आणि भोंगा मात्र नेमक्या वेळी दोनदा वाजायचा. दुसऱ्या भोंग्यानंतर जो धडधडाट सुरू व्हायचा तो आता होत नसे. भोंगा थांबला की नुसती शांतता यायची. त्या शांततेत माय घरी असली तरी दचकून उभी राहायची आणि मग आपल्याला कुठं जायचं नाही हे आठवून खाली बसायची. अजूनही, इतक्या वर्षांनी, अमरावतीच्या या घरात, दूर कुठं एखाद्या कारखान्याचा भोंगा झाला की मी पुढच्या आवाजाची वाट बघते. तो येत नाही, आणि मला वाटतं की कोणीतरी फाटकाबाहेर बसलं आहे.

सहाव्या दिवशी बाबा आत गेले नाहीत. ते बायांत येऊन बसलेही नाहीत. रस्त्याच्या पलीकडे, एका दगडावर, पाठमोरे बसून राहिले. संध्याकाळी माय त्यांच्यापाशी गेली आणि दोघं बरोबर घरी आली. त्या रात्रीपासून घरात ज्वारीच्या कण्या शिजू लागल्या. माय आमच्या ताटल्या भरायची आणि "माहं झालं" म्हणायची. भांडं मीच घासत होते. त्यात तिच्या वाट्याचं कधी काही उरलेलंच नसे, हे मला दिसत होतं. नवव्या दिवशी ती लिंबाखालून उठताना कोलमडली. बायांनी तिला धरलं, तोंडावर पाणी मारलं. दहाव्या दिवशी बातमी आली की मेळघाटाच्या पायथ्याच्या गावांतून ट्रक भरून बाया येणार आहेत आणि उद्यापासून रेचे चालू होणार आहेत.

अकराव्या दिवशी, उन्हं कलल्यावर, फाटक उघडलं आणि मुनीमजी एकटाच बाहेर आला. त्याच्या हातात एक कागद होता आणि शाईची पेटी. तो म्हणाला, "शेटजींनी तुमचं ऐकलं आहे. वाचून घ्या आणि अंगठे द्या." बायांनी एकमेकींकडे बघितलं. मग कौतिका मावशीनं माझ्याकडे बघितलं. "आमची वच्छी वाचन," ती म्हणाली. ते म्हणताना तिच्या आवाजात जी ऐट होती ती मी मायच्या आवाजातही कधी ऐकली नाही.

मी दप्तर खाली ठेवलं आणि कागद हातात घेतला. अक्षर सुंदर, वळणदार होतं. मी मोठ्यानं वाचलं. पहिलं कलम: रेच्यावर काम करणाऱ्या स्त्रिया व पुरुष यांस उद्यापासून एकाच दराने रोजी मिळेल. क्षणभर कोणाला कळलं नाही. मावशीनं ते सोपं करून सांगितलं आणि मग जो आवाज उठला तो मी जन्मभर विसरले नाही. नूरबीनं बांगड्या वाजवल्या. म्हातारी रडायला लागली. माय खाली बसली होती, तिनं तोंड वर करून माझ्याकडे बघितलं आणि ती हसत होती. साठ बाया माझ्या तोंडाकडे बघत होत्या. दुसरं कलम: काम बंद होतं त्या दिवसांची रोजी मागता येणार नाही. "नको आमाले!" कोणीतरी ओरडलं. तिसरं: हंगाम संपेपर्यंत पुन्हा काम बंद ठेवता येणार नाही. "नाही ठेवत, नाही ठेवत!"

चौथं कलम मला दिसलं. एका नजरेत दिसलं. कौतिकाबाई यांस आजपासून कामावरून बडतर्फ करण्यात येत आहे व त्यांस पुन्हा घेतले जाणार नाही.

मी ते वाचलं नाही. मी थेट शेवटच्या ओळीवर गेले आणि तीही मोठ्यानं, स्पष्ट वाचली: वरील सर्व कलमे आम्हांस वाचून दाखवली व ती आम्हांस समजली.

का? पुष्कळ वर्षं मी स्वतःला सांगत आले की मायच्या भुकेमुळं. रिकामं भांडं, तिचं कोलमडणं, उद्या येणारे ट्रक. ते खोटं नाही. पण आता या वयात लपवून कोणासाठी ठेवू? त्या क्षणी माझ्या मनात भूक नव्हती. त्या साठ बाया माझ्या आवाजावर हसत होत्या, रडत होत्या, मला आपली म्हणत होत्या. ते चेहरे विझू नयेत, मी आणलेली चांगली बातमी चांगलीच राहावी, एवढंच मला वाटलं. एका श्वासाएवढा वेळ होता. त्या श्वासात मला माझं कौतुक हवं होतं.

पहिला अंगठा कौतिका मावशीनं दिला. मग माय, मग म्हातारी, मग सगळ्या. मुनीमजी प्रत्येकीचा अंगठा धरून नीट टेकवत होता. सगळं झाल्यावर त्यानं कागद घडी करून खिशात ठेवला आणि माझ्याकडे बघितलं. तो कागद त्यानंच लिहिला होता. "हुशार पोरगी आहे," तो म्हणाला, आणि आत निघून गेला.

सकाळी पहिला भोंगा झाला, दुसरा झाला आणि रेचे धडधडले. मावशी मागं थांबली होती. सगळ्या आत जाईपर्यंत ती फाटकाशी उभी राहून एकेकीच्या पाठीवर थाप मारत होती. शेवटची बाई आत गेली आणि चौकीदारानं फाटक तिच्या तोंडावर लावलं. मी शाळेत जाताना तिला तिथं बघितलं. ती फाटकावर हात ठेवून उभी होती, जणू ते चुकून लागलं आहे आणि आता उघडेल. तिनं मला हाक मारली नाही. मी दुसऱ्या बाजूच्या बोळानं पळत गेले.

आत दुपारच्या सुट्टीत बायांनी विचारलं तेव्हा मुनीमजीनं कागद दाखवला. कलमं आहेत, अंगठे आहेत, वाचूनही दाखवलं होतं. संध्याकाळी सगळ्या मावशीच्या अंगणात जमल्या. मला बोलावलं. मायनं माझा दंड धरला होता आणि तिची बोटं मला रुतत होती.

"तुनं ते काहून वाचलं नाही?" मायनं विचारलं.

"त्यात एक शब्द होता," मी म्हणाले. "बडतर्फ. मले त्याचा अर्थ समजला नाही. म्हनून सोडला."

मी रडत होते आणि ते रडणं खरं होतं, म्हणून सगळ्यांनी शब्दही खरे मानले. चौदा वर्षांची पोर. सरकारी भाषेतला शब्द. नूरबीनं मला जवळ घेतलं. कोणी म्हणालं, मुनीमानं मुद्दामच कठीण लिहिलं. कोणी म्हणालं, उद्या पुन्हा बाहेर बसू. कोणी म्हणालं, अंगठे दिले आहेत, आता कसं बसणार. बोलणं लांबत गेलं आणि हळूहळू पातळ झालं. कौतिका मावशी भिंतीला टेकून बसली होती. ती इतका वेळ माझ्याकडेच बघत होती. मग ती एवढंच म्हणाली, "लेकराले काही म्हनू नका."

आठवड्याच्या आत ती अमरावतीला भावाकडे निघून गेली. मायनं तिला भाकरी बांधून दिल्या. एसटीपर्यंत माय आणि बाबा दोघंही गेले. मी डोकं दुखतं म्हणून घरी राहिले. शेजारचं घर बंद झालं आणि आमच्या सामायिक भिंतीपलीकडून काहीच ऐकू येईनासं झालं. पूर्वी तिकडून शेंगांचं भांडं ठेवल्याचा, खाकरल्याचा, दार ओढल्याचा आवाज यायचा. मी अभ्यासाला त्या भिंतीपाशी बसत नसे. शाळेत उभं राहून धडा वाचायची पाळी आली की तिसऱ्या-चौथ्या ओळीवर माझा आवाज बसायचा. गुरुजी म्हणायचे, "एवढी चांगली वाचायचीस, काय झालं?" घरी मात्र बरं चाललं होतं. मायची रोजी बाबांच्या बरोबरीनं आली होती. कण्या गेल्या, भाकर आली. माय दर आठवड्याला कौतिका मावशीचं नाव काढायची. "बिचारी फसली," ती म्हणायची.

पुढं मी अमरावतीला शिक्षिकांच्या प्रशिक्षणाला आले आणि वसतिगृहात राहू लागले. पहिल्याच महिन्यात बाबा भेटायला आले, फडक्यात भाकर आणि ठेचा घेऊन. जाताना म्हणाले, "कौतिका इथंच हाय. संत्र्याच्या बजारात निवडाच्या कामावर. जाजो एकडाव." मी हो म्हटलं आणि तीन महिने तो बाजार टाळला. रस्त्यावर कोणी उंच बाई पाठमोरी दिसली की मी दुकानात शिरायची. एकदा तर एका अनोळखी बाईच्या मागं मी कितीतरी लांब चालत गेले. ती वळली तेव्हा ती मावशी नव्हती, आणि मला सुटल्यासारखंही वाटलं आणि रडूही आलं. त्यानंतरच्या रविवारी मी गेले.

ती गोणपाटावर बसून संत्री निवडत होती. डाग लागलेली एकीकडे, चांगली पेटीत, खाली-वर गवत. केस बरेच पिकले होते. तिनं मला ओळखायला वेळ लावला नाही. "बस," म्हणाली. एक संत्रं सोलून हातावर ठेवलं. मायची, बाबांची, धाकटीची चौकशी केली. खोकल्याचं विचारलं. मग हात न थांबवता म्हणाली,

"मंग? त्या शब्दाचा अर्थ समजला का आता?"

मी तोंडातली फोड गिळली.

"तवाबी समजत होता, मावशी."

"मले माईत हाय," ती म्हणाली. "तो शब्द तूच मले सांगतला होता. फौजदाराची बातमी होती, पुडीच्या कागदावरची. मी तुले इचारलं, बडतर्फ म्हनजे काय वं? तू म्हने, कायमचं काहाडून टाकनं."

मला ती बातमी आठवत नव्हती. अजूनही आठवत नाही.

"मंग त्या दिवशी बोलली काहून नाही?"

"काय बोलू? त्या बायांनी तुले फाडून खाल्लं असतं." तिनं एक संत्रं उचलून फिरवून बघितलं आणि बाजूला टाकलं. "आयक वच्छे. शेट फुकट वाकत नाही. कोनाचं तरी नाव मागन, हे मले तिसऱ्या दिवशीच समजलं होतं. माहंच मागन, हेबी समजलं होतं. माह्यामागं कोन हाय? लेकरं नाहीत, माणूस नाही. मी मनाशी ठरवून टाकलं होतं. नाव निंघालं का उठाचं आन् सगळ्याइसमोर म्हनाचं, द्या वं अंगठे, मी जातो. तोंडात तयार होतं माह्या. अकरा दिवस तयार होतं."

तिचे हात आता थांबले होते.

"तू ते कलम वाचलं असतं तरी बायांनी अंगठा देलाच असता, मीच द्या म्हटलं असतं. पन ते माहं म्हननं होतं. ते तुनं म्हनूच देलं नाही. आता समद्या काय म्हनतात? कौतिका फसली. तुही मायबी तेच म्हनत असन." मी खाली बघितलं. "मी फसली नवती वं. मी देनार होती."

मी तिच्या पायांना हात लावायला गेले तर तिनं पाय मागं घेतले. रागानं नाही. कामाच्या मध्ये कोणी आलं की घेतात तसे. "माफी-बिफीचं राहू दे," ती म्हणाली. "अकोटले जाशीन तवा त्याइले खरं सांगजो. येवढंच कर."

"सांगतो," मी म्हणाले.

मी सांगितलं नाही. दर दिवाळीला, दर उन्हाळ्याला मी अकोटला गेले. वाक्य तयार असायचं. पण मी आता शिकलेली होते, पुढं मास्तरीणबाई झाले. बाया मला बघून पदर सारखा करायच्या, आपल्या सुनांना दाखवायच्या, "हिनंच कागद वाचला होता आमचा." त्यांच्यापुढं ते वाक्य माझ्या तोंडातून निघत नसे. त्या बाजारातल्या भेटीनंतर दोन वर्षांनी कौतिका मावशी तापानं गेली. बाबांनी कळवलं तेव्हा दहन होऊन गेलं होतं. माय त्यानंतर पुष्कळ जगली, पण शेवटपर्यंत "बिचारी फसली" हेच म्हणत गेली, आणि मी तिच्या उशाशी बसून मान हलवली. खोकल्याच्या त्या शेवटच्या दिवसांत मायला कापसाच्या गाड्या दिसायच्या. मला मात्र त्या खोलीच्या दारात एक उंच बाई उभी दिसायची. ती काही मागत नसे. चौकटीवर हात ठेवून नुसती उभी असायची.

गेल्या हिवाळ्यात मी अकोटला गेले. गुडघे दुखतात, मुलगी नको म्हणत होती, तरी गेले. जिनाच्या जागी आता दुकानं आणि एक मंगल कार्यालय आहे. त्या साठ जणींपैकी एकच उरली आहे, नूरबी. ती नातवाच्या घरी, ओसरीवर खाटेवर बसलेली होती. तोंडात एकही दात नाही, डोळ्यांत मोतीबिंदू, पण हसणं तेच. तिनं माझ्या चेहऱ्यावरून बोटं फिरवून मला ओळखलं. संपाचं नाव काढताच तिच्या अंगात वारं आलं. भोंगा, लिंबाचं झाड, तो एक माठ, माझ्या मायनं लावलेला वेळ, सगळं तिनं सांगितलं. बरोबरीची रोजी हातात आली त्या दिवशी तिनं कोणत्या रंगाच्या बांगड्या घेतल्या तेही सांगितलं.

मग मी तिचा हात धरला आणि सगळं सांगितलं. कागद, चौथं कलम, मी केलेलं आणि मी बोललेलं खोटं, संत्र्याचा बाजार, आणि मावशीनं तोंडात तयार ठेवलेलं ते वाक्य, तिच्याच शब्दांत. काही घाईनं म्हटलं नाही, काही सोडलं नाही. मध्ये दोनदा माझा आवाज बसला. नूरबी मान हलवत, मनापासून ऐकत होती. माझं संपल्यावर ती माझ्या हातावरून हात फिरवत राहिली. मग हळूच, मला वाईट वाटू नये अशा बेतानं तिनं विचारलं,

"बेटा, ये कौतिका कौन?"